शेताची वाट, शेजाऱ्याचा बांध : वाचकांचे प्रश्न

शेतरस्त्याच्या वादांविषयी या वेळी इतकी पत्रे आली आहेत की, हे सदर त्याच एका विषयासाठी राखून ठेवावे लागले. त्यांतील चार पत्रे येथे घेतली आहेत. ओळख कळू नये म्हणून पत्रांतील नावे, गट क्रमांक आणि गावे गाळली आहेत.

प्रश्न : आमची जमीन पारनेर तालुक्यात आहे. आजोबांच्या काळापासून आम्ही चुलत भावाच्या गटातून, त्याच्या विहिरीच्या कडेने जाणाऱ्या गाडीवाटेने शेतात जातो. गेल्या दिवाळीनंतर त्याने जेसीबी लावून वाटेवर आडवा चर खणला आणि पुढच्या पट्ट्यावर नांगर फिरवला. गावातल्या जाणत्या मंडळींनी दोन बैठका घेतल्या. तो "बघू" म्हणतो. आता पाच महिने होत आले आहेत. कांदा काढणीला आला आहे आणि ट्रॅक्टर आत जात नाही. तहसीलदार तुम्हाला दिवाणी कोर्टातच पाठवतील, असे तलाठी सांगतात. काय करावे?

उत्तर : पत्रातील सर्वांत महत्त्वाचे वाक्य "आता पाच महिने होत आले आहेत" हे आहे. मामलतदार न्यायालय अधिनियम, 1906 च्या कलम 5 प्रमाणे, वापरात असलेली वाट कोणी अडवली तर तो अडथळा दूर करून वाट पूर्ववत खुली करून देण्याचा अधिकार तहसीलदारांना आहे. हे काम करताना ते मामलतदार न्यायालय म्हणून बसतात. तथापि हा दावा अडथळा निर्माण झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत दाखल व्हावा लागतो. मुदत उलटून गेली आहे असे दाव्यावरूनच दिसत असेल, तर तो दाखल होतानाच फेटाळला जातो आणि मग खरोखरच दिवाणी न्यायालयाची पायरी चढावी लागते. बैठकांमुळे सहा महिन्यांची ही मुदत थांबत नाही किंवा वाढतही नाही. भावकीतला वाद भावकीत मिटावा ही इच्छा समजण्यासारखी आहे, परंतु या एका कलमाखालचे कितीतरी दावे "बघू" या एका शब्दाने बुडाले आहेत. तिसरी बैठक हवी तर घ्या, पण दावा दाखल करून घ्या.

दावा लिहिताना दोन गोष्टी सांभाळाव्यात. पहिली म्हणजे तारीख. "दिवाळीनंतर" हा शब्द पुरेसा नाही. चर नेमका कोणत्या दिवशी खणला हे लिहावे लागते. जेसीबीवाल्याला त्या दिवशी मजुरी दिल्याची कोणाला आठवण आहे का, आपल्या किंवा मुलाच्या मोबाइलमध्ये त्या दिवशीचे छायाचित्र आहे का, दुसऱ्या दिवशी कोणाला फोन केला होता का, यांपैकी काहीही चालेल. मात्र तारीख पक्की हवी. दुसरी गोष्ट म्हणजे कलम. तहसील कचेरीबाहेर बसणारे अर्जनवीस सवयीने एकाच अर्जात "कलम 5 व कलम 143 अन्वये" असे लिहून टाकतात, आणि नंतर हाच अर्ज अपिलात अडकतो. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 चे कलम 143 हे बांधावरून वाट मागण्यासाठी आहे. आपली वाट जुनी आहे, ती चालू होती आणि ती अडवली गेली आहे. त्यामुळे आपला दावा कलम 5 चाच आहे. "मला रस्ता द्यावा" असे आपण लिहिले, तर रस्ता आधी नव्हता असे आपणच कबूल केल्यासारखे होते. "अडथळा दूर करून माझी वहिवाटीची वाट खुली करून द्यावी" अशीच मागणी असावी.

यानंतर स्थळपाहणी होते आणि माझ्या अनुभवाप्रमाणे दाव्याचा निकाल बहुधा तेथेच ठरतो. मंडळ अधिकारी किंवा तहसीलदार पंचनाम्यासाठी येतील त्या दिवशी आपण स्वतः हजर राहावे आणि जे डोळ्यांना दिसते ते पंचनाम्यात येईल हे पाहावे. नांगरटीच्या अलीकडे आणि पलीकडे चाकोरी शिल्लक आहे का, जुन्या वाटेवर टाकलेला मुरूम मातीच्या ढेकळांत मिसळलेला दिसतो का, ओघळीवर सिमेंटची नळी टाकलेली आहे का, वाटेच्या दोन्ही अंगांना एका ओळीत बाभळी किंवा शेराची झाडे आहेत का, चराची माती ताजी आहे का, हे सर्व लिहून घ्यावे. एक प्रकरण मला आठवते. त्यात विहिरीच्या कठड्याचा एक कोपरा गाडीच्या जूने घासून झिजलेला होता. पंचनाम्यात त्या कोपऱ्याची नोंद झाली आणि समोरच्या पक्षाच्या सगळ्या तोंडी साक्षी त्यापुढे फिक्या पडल्या. आपली वाटही विहिरीच्या कडेनेच जाते, म्हणून हे सांगतो. पंचनाम्यावर सही करण्यापूर्वी तो वाचून घ्यावा. रिकाम्या जागा ठेवून सही करू नये.

याखेरीज गाव नकाशाची प्रत भूमी अभिलेख कार्यालयातून काढावी. नकाशात गाडीवाट तुटक दुहेरी रेषेने दाखवलेली असते. आपली वाट त्यात असेल तर काम बरेच सोपे होईल. शेतापुरत्या वाटा नकाशात सहसा नसतात, त्यामुळे ती दिसली नाही तरी घाबरण्याचे कारण नाही. गावात एकत्रीकरण योजना (विखुरलेले तुकडे एकत्र करून नवे गट पाडणे) झाली असेल तर जुन्या सर्व्हे नंबरांचे बांध आता एखाद्या गटाच्या पोटात गेलेले असतात, म्हणून जुना आणि नवा असे दोन्ही नकाशे शेजारी ठेवून पाहावेत. उपग्रहाची जुनी छायाचित्रे आता इंटरनेटवर मिळतात आणि मागील वर्षांतली वाट त्यांवर पांढुरक्या रेघेसारखी दिसते, तीही जोडावीत. आपल्याच वाटेने जाणारा दुसरा कोणी खातेदार असेल, तर त्याची साक्ष घरच्या दहा साक्षींपेक्षा मोलाची ठरते.

मामलतदार न्यायालयाच्या निर्णयाविरुद्ध अपील नाही; फेरतपासणी अर्ज करता येतो आणि तो व्यवहारात प्रांताधिकाऱ्यांपुढे चालतो. दिवाणी न्यायालयाचा मार्ग दोन्ही पक्षांना खुला राहतो आणि त्याचा हुकूमनामा तहसीलदारांच्या आदेशाच्या वर असतो. म्हणून चुलत भाऊ नंतर दिवाणी दावा करू शकतो हे लक्षात ठेवावे, परंतु तोपर्यंत वाट उघडी झालेली असते, आणि शेतीत हे काही थोडे नाही.

आता कांद्याविषयी. शेजारी कदाचित म्हणेल, "या हंगामापुरता तुला जाऊ देतो, फक्त एवढ्या कागदावर सही कर." तो कागद नीट वाचावा. "परवानगीने" हा एक शब्द त्यात असेल, तर आजोबांपासूनची वहिवाट त्या सहीने मेहेरबानी होऊन बसते. कांदा बाहेर काढण्यासाठी तडजोड करायचीच असेल, तर "दोन्ही पक्षांच्या हक्कांना बाध न येता" असे स्पष्ट लिहून करावी, आणि ती दावा दाखल झाल्यानंतरच करावी.

प्रश्न : मी पुण्यात नोकरी करतो. तीन वर्षांपूर्वी भोर तालुक्यात दीड एकर जमीन घेतली. मध्यस्थाने "रस्ता आहे" असे सांगितले होते आणि तेव्हा आम्ही विक्रेत्याच्या उरलेल्या शेतातून चालत जाऊन जमीन पाहिली होती. खरेदीखतात रस्त्याचा उल्लेख नाही. आता विक्रेता त्याच्या शेतातून जाऊ देत नाही आणि दुसऱ्या बाजूचे खातेदार तर ओळखही देत नाहीत. कलम 143 खाली तहसीलदार मला रस्ता देतील का?

उत्तर : देऊ शकतात. मात्र आपण ज्या वाटेने चालत गेलात तीच वाट ते देतील असे समजू नये. कलम 143 "सर्व्हे नंबरच्या हद्दीवरून" जाण्याच्या हक्काबाबत आहे. याचा अर्थ वाट बांधावरून, शक्यतो दोन्ही खातेदारांच्या हद्दीतून निम्मी-निम्मी जागा घेऊन, दिली जाते. शेजाऱ्याचे शेत मधोमध चिरून या कलमाखाली वाट मागता येत नाही. शेतकऱ्याला आपल्या शेतात जाण्यासाठी वाजवी वाट मिळावी ही गरज तहसीलदारांनी विचारात घ्यावी, असे कायद्यातच म्हटले आहे. त्यामुळे जमिनीला दुसरीकडून वाट आहे का, कोणत्या बांधावरून दिल्यास कमीत कमी नुकसान होते आणि तेथे विहीर, झाडे किंवा पाइपलाइन आहे का, हे ते तपासतात.

अर्जासोबत आपला सातबारा, कच्चा नकाशा, ज्या ज्या गटांच्या बांधावरून वाट मागत आहात त्या सर्व खातेदारांची नावे आणि त्यांचे उतारे, आणि शक्य असल्यास मोजणीची प्रत जोडावी. या खातेदारांपैकी एकाला जरी पक्षकार करायचे राहिले तरी आदेश पुढे टिकत नाही. सातबारावर सहा-सहा वारसांची नावे असतात, तेव्हा "कुटुंबप्रमुखाला नोटीस दिली" एवढे पुरत नाही. तहसीलदारांचा निर्णय मान्य नसेल तर 60 दिवसांत प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करता येते, किंवा एका वर्षाच्या आत दिवाणी दावा करता येतो. दिवाणी दावा केल्यावर मात्र महसुली अपील चालत नाही. रुंदीविषयी कलमात आकडा नाही. राज्य शासनाच्या 22 मे 2025 च्या निर्णयात ट्रॅक्टर आणि इतर यंत्रांची गरज लक्षात घेऊन शेतरस्ता किमान 3 ते 4 मीटर असावा आणि अशा प्रकरणांचा निकाल 90 दिवसांत लावावा असे म्हटले आहे. आपल्या अर्जात त्याचा हवाला द्यावा.

आता एक मुद्दा असा की ज्याकडे आपण पाहिलेले दिसत नाही. आपला वाद खरे तर शेजाऱ्यांशी नसून विक्रेत्याशी आहे. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, 1882 च्या कलम 13 प्रमाणे, एखाद्याने आपल्या जमिनीचा काही भाग विकला आणि त्या भागाच्या उपभोगासाठी विक्रेत्याच्या उरलेल्या जमिनीतून जाण्यावाचून गत्यंतर नसेल, तर खरेदीदाराला तसा हक्क मिळतो. खरेदीखतात तो लिहिलेला असण्याची गरज नाही. यालाच गरजेची वहिवाट म्हणतात. विक्रेता स्वतः तीन बाजूंनी बंद असलेला तुकडा विकतो आणि चौथी बाजू आपल्याच हातात ठेवून वर कुलूप लावतो, हे कायद्याला मान्य नाही. हा हक्क दिवाणी न्यायालयात मागावा लागतो, आणि विक्रेत्याने उरलेली जमीन आणखी कोणाला विकण्यापूर्वी मागितलेला बरा.

पण "गरज" या शब्दाचा अर्थ न्यायालये कडक घेतात. एप्रिल 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रायगड जिल्ह्यातील कर्जत तालुक्यातल्या एका 20 फुटी रस्त्याच्या वादाचा निकाल दिला. रस्त्यावर हक्क सांगणाऱ्यांनी दीर्घ वापराची वहिवाट आणि गरज हे दोन्ही आधार घेतले होते. वीस वर्षांहून अधिक काळचा अखंड वापर त्यांना सिद्ध करता आला नाही. जमिनीच्या आधीच्या मालकाला साक्षीसाठी बोलावले नव्हते, आणि कुलमुखत्यारपत्र धारण करणाऱ्याने स्वतःला माहीत नसलेल्या गोष्टींबद्दल दिलेली साक्ष न्यायालयाने मानली नाही. गरजेचा मुद्दाही टिकला नाही, कारण जमिनीकडे जाण्याचा दुसरा मार्ग होता. तो लांबचा किंवा गैरसोयीचा होता एवढ्याने गरज सिद्ध होत नाही. तेव्हा मागच्या ओढ्यातून उन्हाळ्यात का होईना गाडी येते, असे काही आपल्या जमिनीच्या बाबतीत असेल, तर ते वकिलापासून लपवू नये. समोरचा पक्ष ते पहिल्याच दिवशी सांगणार आहे.

मध्यस्थाने तोंडी सांगितलेल्या "रस्ता आहे" या वाक्याला खरेदीनंतर फारसा अर्थ उरत नाही. हे येथे लिहिण्याचे कारण इतकेच की, जमीन घेण्याच्या विचारात असलेले वाचकही हे सदर वाचतात. खरेदीखताच्या चतुःसीमेत रस्ता, त्याची रुंदी आणि तो कोणत्या गटातून जातो हे लिहून घेण्यास दोन ओळींपेक्षा जास्त जागा लागत नाही.

प्रश्न : राजापूर तालुक्यात आमची आंब्याची बाग आहे; मी मुंबईत राहते. बागेपलीकडच्या गृहस्थांना माझ्या वडिलांनी बागेतून पायी जाण्यास परवानगी दिली होती. वडिलांच्या कागदांत त्या गृहस्थांनी 2011 साली लिहिलेले परवानगी मागणारे पत्रही सापडले आहे. नंतर त्यांनी स्वखर्चाने उतारावर चिऱ्याच्या पायऱ्या बांधल्या. यंदा मात्र त्यांनी बाजूचा गडगा (दगडी कुंपण) फोडून पिकअप टेम्पो आणला, आंब्याच्या दोन कलमांच्या मुळ्या दुखावल्या, आणि आता "आमची वहिवाट आहे" असे म्हणतात. मी वाट बंद करू शकते का?

उत्तर : ते 2011 चे पत्र आधी प्लास्टिकच्या पाकिटात ठेवा. आपले सगळे प्रकरण त्यावर उभे आहे. वहिवाटीने हक्क मिळवायचा असेल, तर वापर शांततेने, उघडपणे, अखंडपणे, हक्क म्हणून आणि वीस वर्षे झालेला असावा लागतो. सरकारी जमिनीबाबत ही मुदत तीस वर्षांची आहे. आपल्या बाबतीत वीस वर्षे झालेली नाहीत, आणि वापर हक्काने नव्हे तर परवानगीने सुरू झाला हे त्यांच्याच अक्षरात लिहिलेले आहे. परवानगीने चाललेली पावले कितीही वर्षे चालली तरी त्यांचा हक्क होत नाही.

असे असूनही उद्या सकाळी गडगा बांधून टाका, असा सल्ला मी देणार नाही. त्याला दोन कारणे आहेत. पहिले म्हणजे, परवानगीवर विसंबून कोणी खर्च करून कायम स्वरूपाचे काम केले असेल, तर ती परवानगी मागे घेता येत नाही, असे याच 1882 च्या अधिनियमाचे कलम 60 सांगते. चिऱ्याच्या पायऱ्या हे तसे काम आहे असा युक्तिवाद समोरून नक्की होईल. वडिलांनी पायऱ्या बांधू दिल्या होत्या, की त्या परस्पर बांधल्या, यावर तो टिकेल किंवा पडेल. दुसरे म्हणजे, चालू वाट रातोरात बंद केली तर ते पारनेरच्या वाचकांना सांगितलेल्या कलम 5 खाली तहसीलदारांकडे जातील, आणि तेथे हक्क कोणाचा यापेक्षा वाट चालू होती का हाच प्रश्न आधी विचारला जाईल.

टेम्पोची गोष्ट वेगळी आहे आणि तेथे आपली बाजू भक्कम आहे. एका प्रकारच्या वाटेच्या हक्कात दुसऱ्या प्रकारच्या वाटेचा हक्क येत नाही, असे कायद्यात स्पष्ट आहे. म्हणजे पायी जाण्याची मुभा ही गाडी नेण्याची मुभा नव्हे. पायवाटेचा हक्क त्यांनी सिद्ध केला असे क्षणभर धरले, तरी गडगा फोडण्याचा आणि आंब्याच्या कलमांवरून चाक नेण्याचा अधिकार त्यातून निघत नाही. म्हणून आधी वकिलामार्फत नोटीस द्यावी. त्यात 2011 च्या पत्राचा उल्लेख करावा, वाहन आणणे तात्काळ थांबवण्यास आणि गडगा पूर्ववत करण्यास सांगावे, आणि पायी जाण्याची परवानगी पुढे चालू ठेवायची असल्यास ती कोणत्या ओळीने आणि कोणत्या अटींवर, तेही लिहावे. न ऐकल्यास दिवाणी न्यायालयात मनाई हुकूम मागावा. फुटलेला गडगा आणि दुखावलेल्या मुळ्या यांचे पंचनामासदृश टिपण दोन शेजाऱ्यांच्या सह्यांसह आजच करून ठेवावे. पाऊस लागला की चाकांचे ठसे राहत नाहीत.

आणि आपण मुंबईत राहता म्हणून एक सूचना : वर्षातून एकदा त्यांच्याकडून "परवानगीने वापरत आहे" अशी एक ओळ लिहून घेण्याची पद्धत ठेवली असती, तर हे पत्र लिहिण्याची वेळ आली नसती. शेजारधर्मात कागद मागणे वाईट दिसते, हे खरे आहे. पण तो न मागणे महागात पडते.

प्रश्न : कलम 143 खाली 2019 मध्ये आमच्या बाजूने आदेश झाला आणि वाटही सुरू झाली. आता ज्याच्या बांधावरून वाट आहे त्याने जमीन विकली. नवा मालक म्हणतो, "माझ्या सातबारावर काही नाही, मी बांधील नाही." तसेच आम्ही तिघे भाऊ वाटणी करत आहोत, त्यात ही वाट कशी लिहावी?

उत्तर : वाटेचा हक्क जमिनीला चिकटलेला असतो, मालक बदलला म्हणून तो सुटत नाही. नोंद नसणे ही उणीव आहे, परंतु हक्क आदेशाने निर्माण झालेला आहे, नोंदीने नाही. आदेशाची प्रमाणित प्रत जोडून तलाठ्यांकडे फेरफारासाठी (महसुली नोंदीतील बदलासाठी) अर्ज करावा आणि वाटेची नोंद संबंधित गटांच्या सातबारावर "इतर हक्क" रकान्यात घ्यायला लावावी. वर उल्लेखिलेल्या मे 2025 च्या शासन निर्णयात अशा नोंदीची तरतूद आहे. एकदा नोंद झाली की विरुद्ध सिद्ध होईपर्यंत ती खरी धरली जाते. दरम्यान त्याने वाट अडवली तर कलम 5 च्या दाव्याचे सहा महिने मोजायला सुरुवात करावी.

वाटणीबाबत : मागच्या भावाच्या हिश्शाला वाट कोठून, हे न लिहिता झालेली वाटणी हे पुढच्या पिढीच्या दाव्याचे बीज असते. वाटणीपत्र नोंदणीकृत करावे आणि त्यात शब्दशः असे काही लिहावे : "पूर्वेकडील हिश्श्यातून उत्तर बांधालगत 12 फूट रुंदीची गाडीवाट मधल्या व पश्चिमेकडील हिश्शांसाठी कायम राहील; ती कोणीही नांगरणार नाही, तीवर झाड लावणार नाही किंवा पाइपलाइनचा चर उघडा ठेवणार नाही; दुरुस्तीचा खर्च तिघे समान करतील." सोबत हाताने काढलेला नकाशा जोडून त्यावरही तिघांच्या सह्या घ्याव्यात.